तोफखाना हसला त्याची गोष्ट

बायको गेली त्या क्षणी तोफखाना हसला, असं लोक कुजबुजत.

आधी नुसतं ‘हसला’ म्हणत. ही बातमी जिना उतरून खालच्या शिंप्याच्या दुकानात पोचली तेव्हा ‘खदाखदा हसला’ झाली. शिंप्याने ती गिऱ्हाइकाला पँटबरोबर घडी घालून दिली, तोवर तिला मांडीवर थाप मारल्याची शिवण बसली होती. आठ दिवसांनी नाक्यावरच्या न्हाव्याकडे पोचली, तर तिच्यात तोफखाना हसून झाल्यावर चहा मागवत होता, तोही कमी साखरेचा. अफवेचं हे असंच. घरातून निघते ती साध्या कपड्यांत, आणि चार घरं फिरून येते ती नटूनथटून, पावडर लावून.

बहुतेक अफवा पोरक्या असतात, कोणी सोडली याचा पत्ता लागत नाही. हिचं तसं नव्हतं. ही सोडली होती तोफखान्याच्या सख्ख्या लेकीने. इस्पितळातल्या खोलीच्या दाराला वर काचेचा एक चौकोन होता. औषधाची बाटली घेऊन लेक धावत जिना चढून आली आणि त्या काचेतून तिने पाहिलं: आई पलंगावर, बाप तिच्यावर वाकलेला, बापाचे दात दिसताहेत आणि खांदे गदगदा हलताहेत. तेवीस वर्षांत तिने बापाचे दात पाहिले नव्हते. ती आत गेली तेव्हा आई संपली होती आणि बाप अजून हसत होता.

तिने हे फक्त मावशीला सांगितलं. आता त्या मावशीला ‘फक्त’ सांगणं म्हणजे चाळणीत पाणी ओतून वर झाकण ठेवणं.

महिन्याभरात लेकीने कपड्यांची पेटी उचलली, चित्रांची फळी काखेत मारली आणि घर सोडलं. जाताना बापाला एक शब्द बोलली नाही. बापानेही अडवलं नाही. तो स्वयंपाकघरात उभा राहून किटलीवर ओरडत होता, की तू वेळेवर का उकळत नाहीस.

तोफखाना हे काही त्याचं पाळण्यातलं नाव नव्हे. आवाजामुळे लोकांनी ठेवलं. गंमत अशी, की लष्करातल्या चोवीस वर्षांत त्याने तोफेला हातसुद्धा लावला नव्हता. तो होता जमिनीतले सुरुंग शोधून काढणाऱ्या तुकडीत. पोटावर झोपायचं, हातात बारीक सळई, आणि वीत वीत जमीन टोचत पुढे सरकायचं. सळईला काही कठीण लागलं की श्वास धरून बोटांनी माती बाजूला करायची. पहिल्याच दिवशी उस्तादाने सगळ्यांना ओळीत उभं करून सांगितलं होतं, “चेहरा हलला की हात हलतो. हात हलला की तू हललास. मग तुला गोळा करायला दोन पोती लागतात, आणि पोती आपल्याकडे कमी आहेत.”

पोती कमी होती, म्हणून तोफखान्याने चेहऱ्याला इस्त्री केली. भीती वाटली, चेहरा सपाट. शेजारचा गडी उडाला, चेहरा सपाट. घरून लेक झाल्याचा निरोप आला तेव्हाही सपाटच. पण माणसाच्या आत जे शिजतं ते कुठून तरी बाहेर पडणारच. छावणीत परतल्यावर एकाच गोष्टीला मुभा होती, ती म्हणजे ओरडणं. तिथे सगळेच ओरडत. मग जे काही आत जमेल ते त्या एकाच दाराने बाहेर. भीती रागाने बाहेर, भूक रागाने, आनंदही रागाने. सुट्टीवर येऊन लेकीला पहिल्यांदा हातात घेतलं तेव्हा तो दाईवर ओरडला, टॉवेल इतका खरखरीत का म्हणून. लेक शाळेत पहिली आली तेव्हा शाळेच्या शिपायावर ओरडला, की निकालाचा कागद एवढ्या खाली का चिकटवलाय, लोकांना वाकून वाचावं लागतं.

बायकोने हे चालवून घेतलं. ती टेलिफोनच्या ऑफिसात चौकशीच्या टेबलावर होती आणि तिचं हसणं तीन इमारती ओलांडून ऐकू जायचं. घरात खात्यांची वाटणी झालेली होती. हसण्याचं खातं तिच्याकडे, ओरडण्याचं याच्याकडे. दोन्हींत तिच्या खात्याचा हुद्दा मोठा, म्हणून घर चाललं.

ती गेल्यावर घरात एकच खातं उरलं, आणि त्याला ओरडायला समोर माणूस नव्हतं. मग तो कपाटावर ओरडायचा. नळावर ओरडायचा. दिवसा बर्फाच्या गोदामाच्या दारावर पहारा करायचा, तिथे ट्रकवाल्यांवर ओरडायचा. ट्रकवाले म्हणत, याच्याजवळ लादी ठेवू नका, वितळते.

त्याला हवं होतं एकच. लेकीने यावं आणि विचारावं, “बाबा, त्या दिवशी काय झालं?” बस. विचारलं की सांगणार. न विचारता सांगणार नाही, मेलो तरी नाही. फौजेत अहवाल मागितला की द्यायचा असतो. मागितल्याशिवाय जो देतो तो चुगलखोर, आणि चुगलखोरी करायला मावशी समर्थ होती. त्यात चार वर्षं गेली.

मग गोदामाच्या फळ्यावर कोणीतरी एक कागद लावला. ‘कार्टून सिनेमासाठी माजी सैनिक पाहिजे. वय पन्नाशीपुढे. अभिनय येत नसला तरी चालेल.’ खाली पत्ता. पत्ता वाचून तोफखान्याच्या डोक्यात तिडीक गेली. हाच पत्ता लेकीच्या एकुलत्या एका पाकिटावर होता. शाळेचे दाखले मागायला पाठवलं होतं तिने ते. आत ‘दाखले पाठवावेत’ या दोन शब्दांपलीकडे अक्षर नाही.

‘जातो आणि चांगला फैलावर घेतो,’ तो स्वतःशी म्हणाला. मग शर्टाला दोनदा इस्त्री केली. बुटांना दोनदा पॉलिश केलं. भांडायला निघालेला माणूस नखं कापून जात नाही, हे त्याला सांगायला हवं होतं. शिंप्याने खिडकीतून पाहिलंही, पण शिंप्याला जीव प्यारा होता.

पत्ता एका जुन्या छापखान्याच्या इमारतीचा निघाला. वरच्या मजल्यावर लांबलचक हॉल. तोफखान्याने दार ढकललं आणि जागीच थांबला. वीसेक धडधाकट माणसं आपापल्या टेबलाशी बसलेली, प्रत्येकापुढे खालून दिवा लावलेली काच, काचेवर कागद, आणि कागदाच्या वर एक छोटा आरसा. एकजण आरशात बघून दात विचकत होता. दुसरी रडत होती, पण डोळ्यांत टिपूस नव्हतं. तिसऱ्याने गाल इतके फुगवले होते की आता फुटतो की मग.

“हे काय वेड्यांचं इस्पितळ आहे?” तोफखाना गरजला.

वीस चेहरे वळले. त्यातले अर्धे चटकन पुन्हा आरशात गेले आणि पेन्सिली सरसर चालू लागल्या. असा अस्सल संताप रोज थोडाच दारात येतो.

पुढे आला तो दिग्दर्शक. काटकुळा, चष्मा कपाळावर, आणि बोलण्यात सतत ‘पुन्हा’. चित्र छान झालं तरी ‘पुन्हा’, बिघडलं तरी ‘पुन्हा’. सगळे त्याला पुन्हाच म्हणत, तोंडावरसुद्धा.

“या काका, या,” पुन्हा म्हणाला.

“मी तुझा काका नाही.”

“बरं काका. आमच्याकडे असंच काम चालतं. आधी चेहरा स्वतः करून बघायचा, मग काढायचा. चेहरा हलल्याशिवाय आमचा हात हलत नाही.”

तोफखान्याला उस्ताद आठवला आणि अंगाचा तिळपापड झाला. आयुष्यभर ज्यासाठी तोंड आवळून ठेवलं, त्याच्या बरोबर उलटं करून ही माणसं पोट भरत होती. आणि एकाचाही हात तुटलेला नव्हता.

खिडकीजवळच्या टेबलावर लेक होती. केसांच्या बुचड्यात पेन्सिल खोचलेली, हातात दुसरी. बापाला बघताच हातातल्या पेन्सिलीचं टोक तुटलं. ती उठून पुन्हाकडे आली.

“मला यांचं काम देऊ नका.”

“अगं, चेहरे तूच काढतेस. तुझ्याइतकं इथे कोणाला जमतं? का, ओळखतेस का यांना?”

“नाही.”

“मीही हिला ओळखत नाही,” तोफखाना म्हणाला.

पुन्हाने एकदा इकडे बघितलं, एकदा तिकडे. दोघांची नाकं एकाच साच्यातली, आणि दोन्हींच्या नाकपुड्या सारख्याच फुगलेल्या. शहाणा माणूस. चष्मा कपाळावरून डोळ्यांवर घेतला आणि कामाचं बोलू लागला.

सिनेमाची गोष्ट अशी: एक सैनिक निवृत्त होतो आणि नोकरी मिळत नाही म्हणून पाळणाघरात कामाला लागतो. त्याला कशाचंच काही वाटत नाही, निदान त्याची तशी समजूत असते. दोन-अडीच वर्षांची पोरं त्याला एकेक भावना शिकवतात. तोफखान्याने हे ऐकून घेतलं आणि म्हणाला, “कोणी लिहिलंय? त्याला आधी चार दिवस छावणीत पाठवा.” तरी तो राहिला. रोज दुपारनंतर, गोदामातून सुटला की, खुर्चीवर बसायचं, पुन्हा सांगेल तो चेहरा करायचा, आणि समोर लेक तो कागदावर उतरवायची.

दोघं एकमेकांशी बोलत नसत. मधे पुन्हा.

“मॉडेलला सांगा, मान डावीकडे,” लेक म्हणायची.

“त्या बाईंना सांगा, मला कान आहेत,” तोफखाना म्हणायचा.

“मॉडेलला सांगा, कान आहेत तर वापरा.”

“त्या बाईंना सांगा, बोलायची रीत घरी शिकवली होती!”

“मॉडेलला सांगा, घरी फक्त ओरडायला शिकवलं होतं!”

पुन्हा बिचारा मान इकडून तिकडे फिरवून थकायचा. शेवटी म्हणायचा, “मी मधून उठू का? मला चहा प्यायचाय.” दोघं एकदम म्हणायची, “बस खाली!” एवढं एकमत त्या घराण्यात कित्येक वर्षांत झालं नव्हतं.

भिंतीवर चेहऱ्यांचा तक्ता होता. सिनेमातल्या सैनिकाचं एकच डोकं चाळीस वेळा काढायचं, प्रत्येकाखाली आकडा आणि नाव. चित्र काढणारा कोणीही असो, नंबर सात म्हटलं की तोच चेहरा यायला हवा. सुरुवात रागांपासून झाली आणि तोफखान्याने मैदान मारलं. राग, चीड, संताप, वैताग, त्रागा, फणकारा, धुसफूस, जळफळाट, थयथयाट, आदळआपट, आणि असेच आणखी. एका दुपारी तेरा. प्रत्येक वेगळा, प्रत्येक एका दमात. चित्रकार पोरांनी टाळ्या वाजवल्या, तर तो टाळ्यांवर चिडला, आणि तो चौदावा झाला. पण त्याला काय नाव द्यावं हे कोणाला कळेना, म्हणून गाळला.

त्यानंतर मात्र गाडं अडलं.

“काका, आता कौतुक. समजा लहान पोराने पहिलं पाऊल टाकलं.”

तोफखान्याने चेहरा केला.

“हे पोराला चावायला निघालेत,” लेक म्हणाली.

“पुन्हा,” पुन्हा म्हणाला.

केला.

“आता पोराला अटक करायला निघालेत.”

“त्या बाईंना सांगा, पोर धडपडू नये म्हणून मी पुढे झालोय! कौतुक करत बसलं आणि पोर पडलं तर?”

तिने मान वर केली नाही, पण पेन्सिल क्षणभर थांबली. लहानपणी ती पहिल्यांदा सायकल चालवायला शिकली तेव्हा हा माणूस मागून ‘सरळ! सरळ बघ! गाढवा, सरळ!’ असं ओरडत सगळा रस्ता धावला होता. तिला रडू आलं होतं. सायकल मात्र पडली नव्हती.

मग तिने खोडरबर उचललं आणि काढलेलं सगळं खोडलं, कागद फाटेपर्यंत.

असं तीन महिने चाललं. तोफखाना घरी जाऊन आरशासमोर उभा राहायचा आणि हुरहूर करून बघायचा. खालून शिंपी वर ओरडायचा, “सगळं ठीक ना?” हा ओरडायचा, “हुरहूर चाललीय! बंद कर तोंड!” शिंप्याने ही बातमी गिऱ्हाइकाला दिली. ती कोणी खरी मानली नाही. खरी होती ना, म्हणून.

एका दुपारी तोफखाना आला तर तक्त्यावर एक नवा चेहरा लागलेला. नंबर एकोणीस. हा त्याने कधी करून दिला नव्हता. डोळे खाली, खालचा ओठ किंचित आत ओढलेला, जबडा घट्ट. तोफखाना ओळखीच्या माणसाकडे बघावं तसा बघत राहिला. रोज सकाळी दाढी करताना हाच माणूस तर समोर असतो.

“हा कधी काढला?”

“परवा,” पुन्हा म्हणाला. “तुम्ही जिन्यात बसला होतात. ती तुमच्या समोरून गेली, थांबली नाही. वर येऊन एका झटक्यात हा काढला आणि मला म्हणाली, लावून टाका.”

“कोणता राग हा?”

“राग नाही हा, काका.”

“मला शिकवतोस? चोवीस वर्षं—”

“रागात नाकपुडी फुगते. ओठ बाहेर येतो. इथे ओठ आत गेलाय. माणूस आपलाच ओठ गिळतोय. हा दुखावलेला आहे.”

तोफखान्याने त्या दिवशी खुर्ची लाथेने उडवली. पुन्हाला मूर्ख म्हणाला, तक्त्याला खोटारडा म्हणाला, हा जगातला पहिल्या नंबरचा राग आहे, माझा आहे, मला ठाऊक आहे, म्हणाला. आणि तणतणत निघून गेला. रस्त्याने जाताना एका दुकानाच्या काचेत त्याला स्वतःचं तोंड दिसलं. नाकपुडी फुगलेली नव्हती. ओठ आत गेला होता. तो थांबला. मग त्या दुकानदारावर ओरडला, काच इतकी स्वच्छ कशाला पुसतोस!

दुसऱ्या दिवशी येणार नाही अशी सगळ्यांची खात्री होती. पुन्हाने दुसरा माणूस बघायला घेतला होता. पण हा ठरल्या वेळी आला, खुर्चीची मोडलेली पाठ घरून आणलेल्या स्क्रूंनी बसवली आणि तिच्यावर जाऊन बसला. “त्या बाईंना सांगा, एकोणीस नंबर बरोबर आहे,” एवढंच म्हणाला. त्या दिवशी लेकीच्या पेन्सिलीचं टोक चार वेळा तुटलं.

शेवटचा प्रसंग राहिला होता. पाळणाघरातली अडीच वर्षांची पोरगी सैनिकाच्या मांडीवर चढते, दोन्ही हातांनी त्याचे गाल धरते आणि हुकूम सोडते, “हस!” त्याला हसता येत नाही. पण हुकूम म्हणजे हुकूम. तो हसतो.

“काका, हे एवढं केलं की सुटलात,” पुन्हा म्हणाला. “हसायचं. मनातून नाही आलं तरी चालेल. किंबहुना येऊच नये. कोणीतरी सांगितलंय म्हणून हसायचं. हसा.”

तोफखाना ताठ झाला. दोन्ही हात खुर्चीच्या दांड्यांवर घट्ट. “हे नाही करणार.”

“का?”

“नाही म्हणजे नाही. तेरा राग घे, तीस घे. हे नाही.”

“तीन महिन्यांचं काम याच्यावर अडलंय, काका!”

“मॉडेलला सांगा,” लेक खिडकीजवळून म्हणाली, आवाज सुरीसारखा, “लाजू नका. तुम्हाला चांगलं हसता येतं. मी बघितलंय.”

हॉलमधल्या पेन्सिली थांबल्या.

तोफखान्याचा चेहरा काळानिळा झाला. त्याने मान वळवली, सरळ तिच्याकडे बघितलं, आणि हसला.

वरचे खालचे सगळे दात दिसले. खांदे हलायला लागले. घशातून कसलातरी आवाज आला, कोरडा हापसा मारावा तसा. तो थांबेना. पुन्हाने हात वर केला, तरी थांबेना.

लेकीचा हात आपोआप चालू लागला. सवयीचा हात. आधी तोंड. मग दात, मग हनुवटी. हाच चेहरा, काचेतला, चार वर्षं डोक्यात खिळ्यासारखा ठोकलेला. तिने तो दात ओठ खात काढला. मग भुवयांशी आली आणि तिची पेन्सिल अडली.

भुवया आतल्या टोकाला वर चढलेल्या होत्या. डोळ्यांखालची कातडी जागची हललेली नव्हती. खरं हसू आलं की गाल वर सरकतात आणि डोळा अर्धा मिटतो; हा डोळा सताड उघडा होता आणि समोर बघत होता, सळईला काहीतरी लागल्यासारखा. नवीन चित्रकार आला की पहिल्या आठवड्यात त्याला हेच शिकवायचं असतं: तोंडावर विश्वास ठेवू नका, भुवया बघा. हे शिकवायचं काम या हॉलमध्ये तिचंच होतं. आणि त्या दिवशी बाप वाकला होता, वर काचेत दिसले ते दात आणि खांदे. भुवया तिने बघितल्याच नव्हत्या. आत गेल्यावरही नाही. आत गेल्यावर तिने फक्त आईकडे बघितलं होतं.

तिने पेन्सिल खाली ठेवली.

“थांबा,” ती म्हणाली.

तो थांबला. ताबडतोब. जणू कोणी बटण बंद केलं.

“कोणी सांगितलं होतं?” मधे पुन्हा नाही, मॉडेल नाही. सरळ त्याला.

“कोणी म्हणजे? हा काय, पुन्हा. आत्ताच म्हणाला ना, हसा म्हणून.”

“आत्ताचं नाही, बाबा. त्या दिवशी. आईजवळ.”

चार वर्षं ज्या प्रश्नाची वाट बघितली तो आला, आणि तोफखान्याचा असा भडका उडाला की टेबलांवरचे आरसे थरथरले.

“आज विचारतेस? आज? मावशीला सांगितलंस. शिंप्याला कळलं. त्या न्हाव्याला कळलं, माझ्या गळ्यावर वस्तरा ठेवून मला विचारतो, चहा कमी साखरेचाच ना! सगळ्या जगाला सांगितलंस, आणि मला विचारायला चार वर्षं?”

“आई समोर गेलेली आणि तुम्ही दात काढून हसताय! काय विचारायचं होतं मी? कोणता विनोद झाला म्हणून?”

“हो! तेच विचारायचं!”

“तुम्हाला तोंड नव्हतं? सांगायचं नाही?”

“तू मागितलं असतंस तर सांगितलं असतं!”

“ही काय छावणी आहे? मी काय तुमचा साहेब आहे, अहवाल मागायला? मी पोरगी आहे तुमची! मी निघून गेले तेव्हा तुम्ही किटलीशी भांडत होतात!”

“मग कोणाशी भांडणार! घरात दुसरं होतं कोण?”

“मी होते!”

तोफखान्याने खुर्चीच्या दांडीवर मूठ आपटली.

“तिनेच सांगितलं होतं,” तो ओरडला. “तुझ्या आईने! आणि ती बघायला थांबली नाही! अर्ध्यात गेली!”

लेकीने हातातलं खोडरबर त्याच्यावर फेकून मारलं. छातीला लागलं. “मग माझ्यावर कशाला ओरडताय!”

“मग कोणावर ओरडू? तिच्यावर?”

आणि मग दोघंही रडायला लागली, पण कशी, तर भांडल्यासारखी, एकमेकांवर खेकसत, नाकं पुसत, ‘तुझंच चुकलं’ ‘तुमचंच चुकलं’ करत. वीस चित्रकार आरशांमागे लपले. पुन्हाने जन्मात पहिल्यांदा ‘पुन्हा’ म्हटलं नाही.

सिनेमात तो चेहरा चार सेकंद आहे. एका सेकंदाला बारा, अशी अठ्ठेचाळीस चित्रं. सगळी लेकीने एकटीने काढली, दुसऱ्या कोणाला हात लावू दिला नाही. मावशी सिनेमा बघायला आली आणि बाहेर पडताना म्हणाली, “चांगला आहे, पण सैनिक फार चिडका दाखवलाय.” त्यावर लेकीने तिला तिथेच दारात उभं करून जे काही सुनावलं, ते ऐकून तोफखान्याचा ऊर भरून आला. मावशी अजून म्हणते, मी फक्त दोघींना सांगितलं होतं.

लेक घरी राहायला परत आली नाही. तिची वेगळी खोली आहे, ती ठेवणार आहे. सुट्टीच्या दिवशी येते आणि दोघं भांडतात. किटली कुठे ठेवायची, खिडकी उघडायची की नाही, आईला कोणता रंग आवडायचा. शिंपी गिऱ्हाइकांना सांगतो, आता वर दोन तोफा झाल्या आहेत, हातात काचेची बाटली असली तर कापडात गुंडाळून ठेवा, फुटेल. स्वयंपाकघरात भिंतीवर चाळीस चेहऱ्यांचा तक्ता आहे, पुन्हाकडून मागून आणलेला. लेकीला यायला उशीर झाला की तोफखाना आधी तणतणतो, मग तक्त्यासमोर जाऊन उभा राहतो, बोट फिरवतो, जुळवून बघतो. ती आली आणि “काय झालं?” म्हणाली की “सव्वीस” असं खेकसतो. सव्वीस म्हणजे काळजी. ती म्हणते, “बस चुकली.” तो म्हणतो, “बसला डोळे नाहीत का?”

न्हावी मात्र अजून जुनीच गोष्ट सांगतो, चहासकट. गिऱ्हाइकांना ती जास्त आवडते.

खरं होतं ते एवढंच. बायको म्हणाली होती, अहो, एकदा हसून दाखवा, तुमचे दात कसे आहेत ते तरी बघू दे. त्याला हसता येत नव्हतं. तरी तो हसला. तो हसत असताना ती गेली. थांबा म्हणायला कोणी नव्हतं, म्हणून तो हसत राहिला.